स्थळाची चौकशी आणि डॉक्टरांचे मौन

नमस्कार श्रोतेहो. नागपूरच्या महाल भागात दवाखाना चालवणाऱ्या माझ्यासारख्या डॉक्टरला कोर्टाच्या समन्सपेक्षा स्थळाच्या चौकशीची धास्ती अधिक वाटते. तुळशीचे लग्न आटोपले की मुलीचे काका रुग्णांच्या रांगेत नंबर लावून आत येतात आणि हळूच विचारतात, "डॉक्टरसाहेब, पोराले काही बिमारी-गिमारी तं नाही ना?"

अशाच एका मुलाला पूर्वी फिट येत असत. गोळ्या सुरू झाल्यापासून त्या थांबल्या होत्या. हिंदू विवाह कायद्यातील विवाहाच्या अटींमधून अपस्मार, म्हणजे हाच फिटचा आजार, १९९९ च्या दुरुस्तीने वगळला गेला, पण काकांच्या मनातून तो वगळला गेलेला नाही. मी नुसता गप्प राहिलो असतो तरी भागले नसते, कारण निरोगी मुलाबद्दल "ठणठणीत आहे" असे सांगण्याची सवय डॉक्टरला असली, तर ज्याच्याविषयी तो गप्प राहतो त्याचे गुपित त्या गप्प राहण्यातूनच फुटते. म्हणून निरोगी असो वा आजारी, कोणाहीबद्दल बोलायचे नाही, असा नेम मी ठेवला आहे. त्यापायी मी शिष्ट ठरलो आहे, ते असो.

भारतीय वैद्यक परिषदेच्या २००२ च्या नियमांत रुग्णाचे गुपित सांगण्याला थोडेच अपवाद आहेत: न्यायाधीशांचा आदेश, विशिष्ट व्यक्तीला किंवा समाजाला असलेला गंभीर धोका आणि शासनाला कळवणे बंधनकारक असलेले रोग. एचआयव्हीची बाब उघड झाल्याने लग्न मोडलेल्या एका रुग्णाची तक्रार सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये फेटाळली, ती अशाच धोक्याच्या आधारावर. पुढे २०१७ च्या कायद्याने मात्र जोडीदाराला सांगण्यापूर्वी रुग्णाचे समुपदेशन करणे आणि त्याला तशी पूर्वकल्पना देणे आवश्यक केले. फिट तर एकाकडून दुसऱ्याला लागतच नाहीत. तरीही ती मुलगी माझी पुतणी असती तर, हा विचार त्या रात्री मला छळत राहिला.

पुढच्या आठवड्यात तो मुलगा गोळ्या लिहून घ्यायला आला, तेव्हा साखरपुड्याआधी त्यानेच हे मुलीला सांगावे, असे मी त्याला बजावले. तो म्हणाला, "माझ्या तोंडून निघत नाही, तुम्हीच सांगा." मी होकार दिला, मात्र मुलीने स्वतः यावे आणि मी बोलत असताना त्याने शेजारच्या खुर्चीवर बसावे, एवढी अट घातली. रविवारी दवाखाना बंद असताना ती दोघे आली.