कवीचं मन, डॉक्टरची वही

[दृश्य: मक्याची शेतं, मग आयोवा सिटीतलं विद्यापीठ]

आपल्याकडं कवी म्हटलं की 'जरा सटकलेलाच असायचा' असं लोक हसत हसत म्हणतात. अमेरिकेतल्या मानसोपचारतज्ज्ञ नॅन्सी अँड्रियासन यांनी हीच गोष्ट न हसता तपासून बघायची ठरवलं.

आधी त्या डॉक्टर नव्हत्याच. आयोवा विद्यापीठात इंग्रजी साहित्य शिकवायच्या. कवी जॉन डनवर त्यांनी अख्खं पुस्तक लिहिलं. पहिल्या बाळंतपणानंतर त्यांना जीवघेणा संसर्ग झाला आणि पेनिसिलिनमुळं त्या वाचल्या. आपण एवढा जीव ओतून डनवर लिहिलं, त्यानं कुणाचा जीव वाचणार, हा प्रश्न काही मनातून जाईना. मग मूल सांभाळत वैद्यकीय शिक्षण घेतलं आणि १९७० मध्ये त्या डॉक्टर झाल्या. पुढं मानसोपचार हाच विषय निवडला.

[दृश्य: जुना टाइपरायटर]

त्याच विद्यापीठात लेखकांची एक नावाजलेली कार्यशाळा होती, रायटर्स वर्कशॉप. तिथं शिकवायला येणाऱ्या लेखकांना अँड्रियासन एकेक करून भेटू लागल्या. बालपण, घरातली आजारपणं, लिहिण्याच्या सवयी, सगळं विचारायचं. कर्ट व्हॉनेगट त्यातलेच एक. त्यांच्या आईनं आत्महत्या केली होती. मुलगा मार्क ऐन तरुणपणी मानसिक आजारानं कोसळला. बरा होऊन पुढं तो बालरोगतज्ज्ञ झाला.

अँड्रियासन यांचा अंदाज वेगळा होता. कादंबरीकार जेम्स जॉइसची मुलगी, आइन्स्टाइनचा धाकटा मुलगा, दोघांनाही स्किझोफ्रेनिया, म्हणजे भास-भ्रमांचा मानसिक आजार. तेव्हा लेखकांच्या घरांतही तोच सापडेल, असं त्यांना वाटत होतं.

तो सापडलाच नाही.

सापडलं ते नैराश्य आणि बायपोलर, म्हणजे कधी नैराश्य तर कधी उन्माद असा आजार. ३० लेखकांपैकी २४ जणांना आयुष्यात कधी ना कधी असा आजार होऊन गेला होता. तेवढंच शिक्षण झालेल्या, तेवढ्याच वयाच्या, पण लेखनाशी संबंध नसलेल्या ३० जणांत हा आकडा होता ९. बुद्ध्यांकात मात्र दोन्ही गटांत फारसा फरक नव्हता. लेखकांच्या भावंडांत आणि आईवडिलांतही आजार जास्त दिसला, आणि कलेची ओढही.

या अभ्यासावर टीका झाली, आणि ती रास्त आहे. माणसं थोडी, त्यातले २७ पुरुष. शिवाय समोर कोण बसलंय, लेखक की दुसरा कुणी, हे मुलाखत घेणाऱ्या डॉक्टरांना आधीच माहीत.

पण एक गोष्ट या टीकेत हरवते. आजाराच्या भरात आपण चांगलं लिहितो, असं बहुतेक लेखक म्हणत नव्हते. खचलेले असताना हातून काही होत नाही आणि उन्मादात काही धड होत नाही. लिहिणं होतं ते मन थाऱ्यावर आल्यावर, असं ते सांगत.

[दृश्य: मेंदूच्या प्रतिमा, प्रयोगशाळा]

पुढं स्किझोफ्रेनियावरच्या संशोधनानं अँड्रियासन यांचं नाव जगभर गेलं. २००० साली अमेरिकेचं राष्ट्रीय विज्ञान पदक मिळालं. पण लेखकांची ती वही त्यांनी कधी मिटली नाही.

[दृश्य: रिकामी खुर्ची, खिडकीतून येणारा उजेड]

लेखकांवरचा शोधनिबंध १९८७ मध्ये छापून आला. अभ्यास १५ वर्षं चालला, आणि तेवढ्या काळात त्या ३० लेखकांपैकी दोघांनी आत्महत्या केली. या गोष्टीपुढं संख्याशास्त्राचे प्रश्न फिके पडतात, अशा आशयाचं एक वाक्य अँड्रियासन यांनी त्या निबंधातच लिहून ठेवलं आहे.