मोगू : एका नावाची कुळकथा

अध्यक्षमहाराज आणि श्रोतेहो,

व्याख्यानाला येताना वक्त्याने टिपणे आणावीत अशी रीत आहे. मी एक कळशी आणली आहे. ती समोर टेबलावर ठेवली आहे आणि व्याख्यान संपल्यावर ज्यांना पाहायची असेल त्यांनी ती अवश्य हातात घेऊन पाहावी. तांब्याची, जुन्या घडणीची, तळाशी थोडी चेपलेली. गळ्याच्या खाली बारीक ठिपक्यांनी दोन अक्षरे ठोकलेली आहेत. भांड्यांच्या दुकानात छिन्नी-हातोडी घेऊन नावे घालून देणारा माणूस आपल्यापैकी वडीलधाऱ्यांनी पाहिलेला असेल; त्याचे हे काम. चिंचेने घासून घासून पहिल्या अक्षराची मात्रा पुसट झाली आहे आणि दुसऱ्या अक्षराच्या दीर्घ उकाराची शेपटी, कारागिराचा हात घसरला असावा, नको तेवढी लांब गेली आहे. अक्षरे आहेत ‘मोगू’.

ही माझ्या वडिलांच्या आतेची कळशी. लग्नात माहेराहून दिलेली म्हणून तिच्यावर माहेरचे नाव. सासरी तांदळाच्या ताटात अंगठीने जे नवे नाव लिहिले गेले ते लक्ष्मी, आणि पुढे जमिनीच्या कागदांवर, देवळाच्या वर्गणीच्या वहीत, अगदी श्राद्धाच्या संकल्पातही तेच चालले. मोगू हे नाव तिला हाक मारणाऱ्यांच्या तोंडात होते आणि ह्या तांब्यावर होते. तिसरीकडे कुठेही ते लिहिलेले मला आढळले नाही. बायकांची जुनी नावे दुर्मीळ का झाली ह्याची पुष्कळ कारणे सांगता येतील, पण त्यांतले पहिले हे असे अगदी साधे आहे: ज्या नावाने मुलगी वाढली ते नाव तिच्या विसाव्या वर्षाच्या आतच कागदावरून उठत असे.

आता अर्थाकडे वळू. गोव्याबाहेरच्या मराठी माणसाला ‘मोगू’ असे नाव सांगितले तर तो क्षणभर थांबतो आणि म्हणतो, “म्हणजे मोगरा का?” हा तर्क टाकाऊ नाही. नावे आखूड करण्याची आपली जी जुनी पद्धत आहे, तिच्यात पहिले अक्षर घ्यायचे, त्याच्या शेजारचे व्यंजन घ्यायचे आणि शेवटी ऊकार लावायचा. पार्वतीची पारू होते, गोदावरीची गोदू, यमुनेची यमू, मथुरेची मथू, यशोदेची येसू. त्या हिशेबाने मोगऱ्याची मोगू व्हायला व्याकरणाची काहीच हरकत नाही. मोगरा हा शब्द संस्कृत ‘मुद्गर’ ह्यापासून आला, आणि मुद्गर म्हणजे हातोडा किंवा सोटा. कपडे बडवण्याच्या लाकडी मोगरीत तोच मूळ अर्थ शिल्लक आहे; न उमललेल्या कळीचा आकार मोगरीसारखा, म्हणून फुलालाही तेच नाव. फादर थॉमस स्टीफन्स ह्या इंग्रज जेझुइटाने १६१६ साली राचोलच्या छापखान्यातून जे ‘क्रिस्तपुराण’ प्रसिद्ध केले, त्यात मराठीची थोरवी सांगताना फुलांमध्ये जशी मोगरी तशी भाषांमध्ये मराठी, अशी उपमा दिली आहे. तेव्हा मोगरी ह्या शब्दाला आपल्या भूमीत प्रतिष्ठा होती, ह्यात वाद नाही.

तरीही मोगू म्हणजे मोगरा नव्हे असे माझे मत आहे. कारण ज्या घरात मुलगी जन्मली, त्या घरात ‘मोग’ हा शब्द रोज दहा वेळा उच्चारला जात होता. पारू ऐकल्यावर पार्वती आठवावी लागते, कारण ‘पार’ ह्या तुकड्याला त्या नावात स्वतःचा अर्थ नाही. मोगू ऐकल्यावर गोमंतकीय माणसाला काहीच आठवावे लागत नाही. मोग म्हणजे प्रेम. जो शब्द पूर्ण अर्थाने कानावर पडतो, तो कुठल्या फुलाचा तुकडा आहे असे त्या घरातली आई कशाला मानील?

मोग म्हणजे प्रेम, असे मी घाईने म्हणून गेलो. ते अर्धेच खरे आहे. आपण मराठीत लिहितो आणि कोंकणीत हाक मारतो, आणि त्या दोहोंतल्या अंतराची आपल्याला इतकी सवय झाली आहे की त्यावर भांडणेही आपण सवयीनेच करतो. पण मराठीत ‘प्रेम’ हा शब्द तोंडातून काढताना माणूस किंचित सावरून बसतो. मराठी आई “माझे तुझ्यावर प्रेम आहे” असे मुलाला सहसा म्हणत नाही, ती “जेवलास का?” असे विचारते. ‘मोग’ ह्या शब्दाला तसा संकोच नाही. तो प्रियकराचा आहे, आईचा आहे आणि देवाचाही आहे. आपल्या ख्रिस्ती बांधवांच्या प्रार्थनेत देवाचा मोग येतो, आणि निरोप घेताना “मोग आसूं दी” असे म्हणतात. लोभ असावा, हे मराठी पत्राच्या शेवटचे शब्द त्याच्या जवळपास जातात, पण लोभ असावा असे आपण लिहितो, बोलत नाही. दारात उभ्या असलेल्या माणसाला बोलता येईल असा तो शब्द आहे.

ह्या शब्दाचे मूळ संस्कृतातल्या ‘मुह्’ धातूच्या घराण्यात आहे असे मानण्याकडे माझा कल आहे. त्या घराण्यातली भावंडे पाहिली तर गंमत वाटते. मोह त्यातला, मुग्ध त्यातला, मूढही त्यातला, आणि व्यर्थ ह्या अर्थाचा ‘मोघ’ही त्यातलाच, ज्याला नकार लागून अमोघ होतो. धातूच्या पोटात घकार दडलेला आहे हे मुग्ध आणि मोघ ह्यांवरून दिसते. त्यातला महाप्राण गळला की मोग उरतो. भूल पडणे हा मूळ अर्थ. आमच्या संतांनी ज्यापासून दूर राहायला सांगितले ती जोडी कोणती? मोह आणि माया. आणि गोव्याच्या बोलीत जिव्हाळ्यासाठी नेहमीचे दोन शब्द कोणते? मोग आणि माया. कीर्तनात जे टाकायचे म्हणून ऐकले तेच घरी येऊन पाळण्यातल्या मुलीला नाव म्हणून ठेवले, असा हा प्रकार आहे. कीर्तनकारांनी मनावर घेऊ नये.

शेवटच्या ऊकाराबद्दल थोडे सांगितले पाहिजे. तो लाडाचा ऊकार आहे, गोदू-यमूतला, हे एक उत्तर झाले. दुसरेही उत्तर संभवते आणि मला ते अधिक मोहक वाटते. जुन्या मराठीत पुल्लिंगी नामाची प्रथमा उकारान्त असे. ज्ञानेश्वरीच्या मराठीत देवु, वेलु अशी रूपे पानोपानी आहेत. गोव्यातून दक्षिणेकडे गेलेल्या सारस्वतांच्या कोंकणीत हा उकार अजून जिवंत आहे. तिथे देवु म्हणतात, पूतु म्हणतात, आणि मोगाला मोगु म्हणतात. गोव्यात तो उकार झिजला आणि ‘मोग’ राहिला. तेव्हा मोगू ह्या नावात लाडाचा प्रत्यय नसून खुद्द त्या शब्दाचेच जुने, अखंड रूप टिकून राहिले असेल, अशीही शक्यता आहे. दोन्ही वाटा एकाच दाराशी येतात, म्हणून मी त्यांच्यात निवाडा करीत बसत नाही.

कोणी विचारील की मोग हा शब्द पुल्लिंगी, मग तो मुलीला कसा चालला? हिरा पुल्लिंगीच आहे, पण हिराबाई झाल्या. केसर, गुलाब, माणिक ह्यांचेही तसेच. पुढे ‘बाई’ लागले की लिंगाचा प्रश्न मिटतो. कोंकणीत ती ‘बाय’ होते, मराठीत लिहिताना ‘बाई’, आणि ह्याच ठिकाणी आपण त्या नावाशी येतो ज्यामुळे मोगू हे नाव गोव्याबाहेर कोणाच्या कानावर तरी पडले.

मोगूबाई कुर्डीकर ह्यांचा जन्म १५ जुलै १९०४ रोजी सांगे तालुक्यातल्या कुर्डी गावचा. अल्लादिया खाँसाहेबांची तालीम, जयपूर-अत्रौली घराण्यातले त्यांचे स्थान, १९७४ सालचे पद्मभूषण, हे सर्व आपल्याला माहीत आहे आणि आजचा विषय गाणे हा नाही. मला बोलायचे आहे ते एका घरातल्या तीन नावांविषयी. मोगूबाईंच्या आईचे नाव जयश्री. मुलीचे नाव किशोरी, म्हणजे गानसरस्वती किशोरी आमोणकर. जयश्री आणि किशोरी ही दोन्ही नावे संस्कृत, सभेत शोभणारी; मधले मोगू मात्र थेट स्वयंपाकघरातून उठून आलेले. जुनी नावे साधी आणि नवी नावे नटवी, असा जो सरसकट समज आहे तो ह्या एका घराण्यापुरता तरी साफ खोटा ठरतो. इथे आजीचे नाव आजच्या कोणत्याही शाळेच्या हजेरीपटात खपून जाईल, आणि तिच्या मुलीचे नाव मात्र दुर्मीळ. जयश्री हे शुभ चिंतणारे नाव आहे, ते जगासाठी ठेवतात. मोगू हे ठेवलेले नावच वाटत नाही. हाक मारता मारता ते चिकटले असावे, असे वाटते.

मोगूबाईंचे आडनावही गावाचे. ते गाव आता पाण्याखाली आहे. साळावली नदीवर धरण झाले तेव्हा, १९८० नंतरच्या दशकात, कुर्डी बुडाले आणि सुमारे तीन हजार माणसे वाडे आणि वालकिणी येथे जाऊन वसली. दर वर्षी मे महिन्यात पाणी ओसरले की घरांची जोती, तुळशीवृंदावने आणि सोमेश्वराचे देऊळ वर येते, जुने गावकरी तिथे जमतात आणि पाऊस सुरू झाला की गाव पुन्हा जाते. मोगूबाईंच्या घराची जागाही लोक तिथे दाखवतात. मीही एकदा भर दुपारी ती पाहून आलो. जमीन भेगाळलेली होती आणि सावलीला एकही झाड उभे नव्हते.

पोर्तुगीज अमदानीतल्या नोंदींची गोष्ट इथे सांगून टाकतो, कारण तिचा नावांवर परिणाम झाला. त्या नोंदी रोमी लिपीत आणि पोर्तुगीज वर्णरचनेने होत. शांतेचा श लिहायला एक्स वापरीत. कमळा आली तर तिचा क ‘सी’ने लिहीत. आपली कित्येक नावे त्या कागदांवर अशी काही सजून बसली आहेत की नातवंडांना आजीचे नाव वाचता येत नाही. मोगूची मात्र फारशी अडचण नव्हती. एम, ओ, जी, यू. जसे बोलावे तसे लिहावे. मोगी असते तर पंचाईत होती, कारण पोर्तुगीजमध्ये ईकारापूर्वीचा जी वेगळा उच्चारला जातो आणि मध्ये यू घालावा लागतो. म्हणजे लिपीने ह्या नावाला मारले नाही.

मग ते कशाने गेले? माझ्या मते शिक्षणाबरोबर नावाची भाषा बदलली. मुलीचे नाव घरात घ्यायचे होते तोवर ते घरच्या बोलीत असले तरी चालत होते. ती शाळेत जाऊ लागली, मास्तर सर्वांसमक्ष हजेरी घेऊ लागले, तेव्हा प्रेमा, प्रीती, स्नेहलता आल्या. त्यांचा अर्थ तोच, फक्त तो संस्कृतातून सांगितलेला. मोगू म्हटले की वर्गातल्या मुली हसतील, अशी धास्ती आईबापांना वाटली असेल तर मी त्यांना दोष देत नाही. माझ्याच घरी पुतणीचे नाव ठरवताना मी मोगू सुचवले, तेव्हा काही क्षण कोणी बोलेना आणि मग चहा आला.

एक गोष्ट मात्र विसरता येत नाही. ज्या काळात हे नाव ठेवले जाई, त्याच काळात आपल्याच भाषेत नकोशी, धोंडी, भिकी अशीही नावे मुलींना ठेवीत. नकोशी तर आजवर टिकून राहिली. २०११ साली सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. मुलगी नको होती हे जसे नावात लिहिता येते, तसे ती हवी होती हेही लिहिता येते. लक्ष्मी म्हटले तर ती धनासाठी हवी, सरस्वती म्हटले तर विद्येसाठी, गोदा-यमुना म्हटल्या तर पुण्यासाठी. मोगू ह्या नावात कशासाठी हे नाही. माझ्या वडिलांची आते पाठोपाठच्या चार मुलींतली चौथी होती. चौथ्या मुलीला मोगू म्हणणारे ते घर गरीब होते आणि ही कळशी त्यांनी उधारीवर घेतली होती, असे वडील सांगत.

सभेपूर्वी एका ताईंनी मला विचारले की नातीला हे नाव ठेवले तर आज ते चालेल का, आणि लिहावे कसे. चालेल. लिहिताना शेवटचा ऊकार दीर्घ लिहावा, पुढे बाई जोडले तर मोगूबाई आणि मोगुबाई अशी दोन्ही रूपे छापलेली आढळतील. कार्यालयातल्या माणसाने “पूर्ण नाव सांगा” म्हटले, तर हेच पूर्ण नाव आहे असे सांगावे. आणि शाळेत बाईंनी अर्थ विचारला, तर मुलीने मोगरा म्हणून सुटका करून घेऊ नये, एवढे तिला घरून पढवून पाठवावे.

कळशी इथे ठेवली आहे. उचलताना गळ्याला धरा. तळाशी चीर आहे.