दोन धन्यांचा एक कमांडर

नमस्कार, श्रोतेहो.

महापुरात लष्कर कसं येतं, हे सांगली-कोल्हापूरच्या श्रोत्यांना वेगळं सांगायला नको. जिल्हाधिकारी मागणी करतात, जवान बोटी घेऊन येतात. आपल्या देशात लष्कर एकच, त्यामुळे हुकूम कुणाचा, असा पेच सहसा पडत नाही. अमेरिकेत तो पडतो, कारण तिथं प्रत्येक राज्याचं स्वतःचं सैनिकी दल आहे, नॅशनल गार्ड. ५० राज्यं आणि शिवाय वॉशिंग्टन शहर, प्वेर्तो रिको, ग्वाम, व्हर्जिन बेटं धरून अशी ५४ दलं. राज्यातल्या दलाचा सेनापती तिथला गव्हर्नर. आपले राज्यपाल डोळ्यांसमोर आणू नका. हा निवडून आलेला, आपल्या मुख्यमंत्र्यासारखा कारभार हाकणारा माणूस.

गार्डच्या सैनिकाला तीन प्रकारे कामावर बोलावता येतं, आणि नुसता गणवेश बघून तो प्रकार ओळखू येत नाही. ‘स्टेट ॲक्टिव्ह ड्यूटी’ असेल तर हुकूम गव्हर्नरचा आणि पगार राज्याच्या तिजोरीतून. ‘टायटल ३२’ असेल तर हुकूम गव्हर्नरचाच, पण पगार केंद्राचा. (टायटल म्हणजे केंद्रीय कायदेसंग्रहातला भाग.) ‘टायटल १०’ असेल तर हुकूमही केंद्राचा आणि पगारही केंद्राचा. नियमित लष्कर सगळं या तिसऱ्या खात्यात मोडतं.

गोष्ट पगारपत्रकावर थांबली असती तर बरं होतं. पण १८७८ सालचा पॉसी कॉमिटेटस कायदा आडवा येतो. मोजके अपवाद सोडले तर केंद्रीय सैनिकानं नागरिकांवर पोलिसी काम करायचं नाही, असा तो कायदा. म्हणजे संचारबंदीच्या नाक्यावर गाडी अडवायची तर पहिल्या दोन खात्यांतलाच सैनिक उभा करावा लागतो. त्याच्या शेजारचा टायटल १० चा जवान पाण्याचे कॅन उतरवील, पूल बांधील, हेलिकॉप्टर उडवील. गाडीची झडती मात्र घेणार नाही. घाईगर्दीत दोन्ही खात्यांची माणसं एकाच गस्तीत घातली, की पहिल्याच अटकेला घोटाळा.

२९ ऑगस्ट २००५ ला कतरीना वादळ अमेरिकेच्या दक्षिणेतल्या लुइझियाना राज्यात धडकलं. ठिकठिकाणच्या गार्डचे मिळून सुमारे ५०,००० सैनिक तिथल्या किनाऱ्यावर जमा झाले, केंद्रीय लष्कराचे २०,००० हून अधिक. केंद्राची फौज जनरल रसेल ऑनोरे यांच्याकडे, लुइझियानातलं गार्ड गव्हर्नर कॅथलीन ब्लँको यांच्याकडे. २ सप्टेंबरच्या रात्री व्हाइट हाउसनं प्रस्ताव पाठवला, की दोन्ही फौजा ऑनोरे यांच्या हाताखाली द्या. ब्लँको यांनी नकार दिला. या नकाराबद्दल त्यांच्यावर बरीच टीका झाली. पण न्यू ऑर्लिन्स शहर पाण्यात बुडालेलं असताना मध्यरात्री आलेल्या कागदावर कुठला गव्हर्नर आपलं सैन्य लिहून देईल? शिवाय एका अधिकाऱ्याकडे दोन्ही फौजा देण्याची सोय कायद्यात त्याआधीच होती, आणि २००४ मध्ये अमेरिकेतल्याच जॉर्जिया राज्यात भरलेल्या, आठ बड्या देशांच्या जी-८ परिषदेच्या बंदोबस्तात ती वापरूनही झाली होती. परिषदेची तारीख मात्र आधी ठरलेली असते. वादळ तारीख देत नाही.

हुकमाच्या दोन साखळ्या शेजारी शेजारी चालल्या की जमिनीवर काय होतं, ते बघा. एक पथक जागा सांगतं अक्षांश-रेखांशात, दुसरं लष्करी नकाशाच्या चौकटीत, तिसरं गल्लीच्या नावानं. आणि गल्लीच्या पाट्या तर पाण्याखाली! शोधलेल्या घरावर फवाऱ्यानं फुलीची खूण करायची पद्धत आहे. आत शिरताना एक तिरकी रेघ, बाहेर पडताना दुसरी. मग डावीकडे पथकाचं नाव, वर तारीख-वेळ, उजवीकडे वायुगळतीसारखे धोके, खाली सापडलेले जिवंत आणि मृत. खुणेची ही रीत सगळ्या पथकांनी सारखी पाळली नाही, तर त्याच घराचं दार दुसरं पथक पुन्हा फोडतं आणि पलीकडच्या आळीत कुणी फिरकतच नाही.

यावरचा तोडगा म्हणजे ‘ड्युअल स्टेटस कमांडर’, केंद्राची आणि राज्याची अशा दोन्ही फौजा एकाच वेळी सांभाळणारा अधिकारी. हा बहुधा त्याच राज्याच्या गार्डमधला ब्रिगेडियर जनरल असतो, म्हणजे रस्ते, धरणं आणि शेरीफ, म्हणजे स्थानिक पोलीसप्रमुख, त्याच्या ओळखीचे. गव्हर्नर संमती देतो, अध्यक्षांच्या वतीनं संरक्षणमंत्री मंजुरी देतात, आणि दोघांच्या सह्यांचा करार होतो. २०१० मध्ये दहा गव्हर्नरांची एक परिषद नेमली गेली, तिथं हुकूम कुणाचा या वादावर चर्चा झाली. आणि २०१२ च्या संरक्षण कायद्यानं ठरवलं, की दोन्ही फौजा एकाच वेळी मदतीला असतील तर हीच नेहमीची पद्धत असावी.

फौजा एकत्र होतात, असा याचा अर्थ नव्हे. इथं बरेचजण फसतात. कमांडर एक असला तरी त्याच्या हाताखाली उपकमांडर दोन, केंद्राचा एक आणि राज्याचा एक. कर्मचारी वेगळे, हुकूमनामे वेगळे. दोन्ही फौजांना एकच काम द्यायचं असलं तरी कागद दोन निघतात. अध्यक्षांचा आणि गव्हर्नरचा हुकूम परस्परविरुद्ध निघाला, तर स्वतःच्या मर्जीनं एक निवडायचा नाही. दोन्हीकडे कळवायचं आणि कायदा अधिकाऱ्याला शेजारी बसवायचं. म्हणूनच हे काम नुसत्या शूर माणसाचं नाही, चोख दप्तर ठेवणाऱ्याचं आहे.

आता मागणीची वाट. परगण्यानं, म्हणजे आपल्या जिल्ह्यासारख्या भागानं, राज्याकडे मागायचं, राज्यानं आधी आपलं गार्ड आणि परस्पर-मदत करारातून शेजारची राज्यं बघायची. तिथंही भागलं नाही तर फेमा, म्हणजे केंद्राची आपत्ती संस्था. फेमाच्या दहाही विभागांत लष्कराचा एक कर्नल समन्वयाला बसलेला असतो. मागणी तो पुढे नेतो आणि ती सहा कसोट्यांवर घासली जाते: कायदेशीर आहे का, बळ वापरावं लागेल का, धोका किती, खर्च कुणाचा, लष्कराच्या मूळ तयारीला धक्का बसतो का, आणि हे लष्करानं करण्याजोगं आहे का. मंजुरीनंतर कोलोरॅडोतली नॉर्दर्न कमांड, म्हणजे केंद्रीय लष्कराचं तिथलं मुख्यालय, फौज हलवते. मागणी अडकते ती बहुतेक शब्दांत. ‘चार हेलिकॉप्टरं पाठवा’ असं लिहिलं की प्रश्नांची फैर झडते. त्याऐवजी ‘चाळीस रुग्ण संध्याकाळपर्यंत हलवायचेत, रस्ता बंद आहे’ असं लिहावं. हेलिकॉप्टर की बोट, ते लष्कर ठरवील. जीव वाचवायची निकड असेल तर जवळच्या तळाचा कमांडर या कागदांसाठी थांबत नाही. स्थानिक प्रशासनानं हाक मारली की तो निघू शकतो, मात्र ७२ तासांच्या आत त्याला फेरविचार करावा लागतो.

ऑक्टोबर २०१२ मधलं सँडी वादळ न्यू जर्सीतल्या मराठी मंडळींना आठवत असेल. कित्येक घरांत दिवसच्या दिवस वीज नव्हती. तारा जोडायला कॅलिफोर्नियातल्या वीज कंपनीच्या गाड्या हवाई दलाच्या सी-५ आणि सी-१७ या मालवाहू विमानांतून आल्या. न्यूयॉर्क आणि न्यू जर्सीत असे दुहेरी कमांडर नेमलेले होते. उणीव वेगळीच निघाली. अशा कमांडरचा अधिकार राज्याच्या हद्दीवर संपतो, आणि वादळाला हद्द नसते. अनेक राज्यांत पसरलेल्या केंद्रीय तुकड्या नेमक्या कुणाच्या हुकमात, हे तेव्हा पुरेसं स्पष्ट नव्हतं.

परतीचं काम पाठवणीइतकंच किचकट. टायटल १० ची फौज सहसा आधी निघते, कारण ती महाग आणि तिची दुसरीकडे गरज. पण तिच्या जाण्याची तारीख आगाऊ कळली नाही, तर पाणी शुद्ध करणारं यंत्र एका सकाळी छावणीतून गायब होतं आणि रांग तशीच उभी राहते. म्हणून कुठलं काम कुणाकडे सोपवून निघायचं, हे पहिल्याच आठवड्यात लिहून ठेवतात. यंत्रं, इंधन, पलंग यांच्या पावत्या दोन्ही खात्यांत वेगवेगळ्या फाडतात. केंद्राचा शेवटचा सैनिक निघाला की कमांडरची केंद्रीय नेमणूक संपते. राज्याच्या गार्डचं काम त्याच्याकडे तसंच चालू राहतं.