हंटरवाली नादिया आणि तिचं कच्चं हिंदी

नमस्कार मंडळी. आज नादियाबद्दल बोलायचंय, म्हणजे १९३०-४० च्या दशकांतल्या हिंदी स्टंटपटांच्या नायिकेबद्दल, तिच्या स्टंटबद्दल तर बोलूच, पण तिच्या कच्च्या हिंदीबद्दल जास्त, कारण मला विचाराल तर तिच्या करिअरची खरी कमाल तिथेच आहे.

जरा मागे जाऊ. फाळक्यांना 'राजा हरिश्चंद्र'साठी बाई मिळेना म्हणून तारामती झाले अण्णा साळुंके, साल १९१३. त्याच साली पर्थहून, म्हणजे ऑस्ट्रेलियातून, मेरी अ‍ॅन एव्हान्स, म्हणजेच आपली पुढची नादिया, ही पाच वर्षांची पोर आईवडिलांबरोबर मुंबईत आली, वडील स्कॉटिश, ब्रिटिश फौजेतले, आई ग्रीक. वडील पहिल्या महायुद्धात गेले, मग पेशावर, तिथे ती घोडा आणि बंदूक दोन्ही शिकली, मग पुन्हा मुंबई, तोवर पदरात मुलगा, म्हणून दुकानात सेल्सगर्ल, शॉर्टहँड-टायपिंग, बॅले, सर्कस, जे मिळेल ते काम केलं. नादिया हे नाव याच काळात घेतलेलं.

आता मूकपटात घरंदाज घरातल्या मुली येत नव्हत्या, म्हणून अँग्लो-इंडियन, ज्यू मुलींनी पडदा सांभाळला. १९३१ ला 'आलम आरा' हा पहिला बोलपट आला आणि त्यांची पंचाईत झाली, कारण आता बोलायचं होतं! सुलोचना, म्हणजे रूबी मायर्स, केवढी मोठी स्टार, तिलाही काम थांबवून हिंदी शिकावं लागलं. आणि अशा वेळी, जेव्हा परकी जीभ म्हणजे घरी बसायची वेळ, तेव्हा ही निळ्या डोळ्यांची, सोनेरी केसांची बाई परळच्या वाडिया मूव्हीटोन या स्टुडिओत काम मागायला येते आणि स्टार होते, हे कसं झालं?

याचं उत्तर स्टंटपटात आहे. स्टुडिओ चालवणाऱ्या जमशेद आणि होमी वाडिया या भावांनी आधी छोट्या भूमिका दिल्या, मग १९३५ चा 'हंटरवाली'. राजकन्या माधुरी, मुखवटा, हातात हंटर, गरिबांना छळणाऱ्यांना बडवते. गोरी बाई पुरुषांना उचलून आपटते हे बघून वितरकच बिचकले, आणि पब्लिकने मात्र पिक्चर डोक्यावर घेतला. डायलॉग ती घोकून म्हणायची पण तिची भाषा शरीराची होती, झुंबराला लटकणं, 'मिस फ्रंटियर मेल'मध्ये रेल्वेच्या टपावरची मारामारी, आणि बहुतेक स्टंट स्वतः करायची, हे मी मुद्दाम सांगतो कारण त्या श्रमाचं मोल आपल्या इतिहासात नीट लिहिलंच गेलं नाही, प्रतिष्ठित समीक्षेने स्टंटपटांना पिटातल्या लोकांची करमणूक म्हणून बाजूला ठेवलं, हा अन्याय आहे असं मला मनापासून वाटतं.

आणि राजकारण बघा ना! ब्रिटिश राज चालू, सेन्सॉर बसलेला, आणि गोऱ्या फौजीची मुलगी जुलमी सत्तेविरुद्ध लढते, त्यातला इशारा लोकांना बरोबर कळायचा. 'डायमंड क्वीन', १९४०, त्यात तर ती बायकांच्या शिक्षणाचं आणि स्वातंत्र्याचं सरळ बोलते, भर स्टंटपटात. वाडियांनी तिचं नाव नंदादेवी करायचं सुचवलं होतं, वर काळ्या वेणीचा टोप, तिने साफ नकार दिला. म्हणजे ती जशी होती तशीच लोकांनी आपली मानली.

पुढे जमशेदना गंभीर सिनेमाकडे जायचं होतं, दोघा भावांच्या वाटा वेगळ्या झाल्या, परळचा स्टुडिओ शांतारामबापूंकडे गेला, तेच आपलं राजकमल. होमींनी बसंत पिक्चर्स काढलं आणि १९४३ ला 'हंटरवाली की बेटी' आणून नादियाला पुन्हा उभं केलं. होमी आणि नादियाचं प्रेम होतं पण होमींच्या आईचा विरोध, त्यामुळे लग्न झालं ते थेट १९६१ मध्ये. १९६८ ला 'खिलाडी' मध्ये, साठीत, ती पुन्हा पडद्यावर आली. १९९३ मध्ये जमशेदजींचा नातू रियाद याने तिच्यावर डॉक्युमेंटरी केली, तेव्हा ती हयात होती, ती मिळाली तर जरूर बघा, त्यात तिच्या जुन्या पिक्चरचे तुकडे आहेत आणि तिची उडी बघितली की मी इतका वेळ काय सांगतोय ते लगेच कळेल.