दोन चंद्रांचं पंचांग

नमस्कार श्रोतेहो.

गेली दोन वर्षं मी एक कादंबरी लिहितोय. तिच्या आकाशात दोन चंद्र आहेत. सुरुवातीला ते नुसते शोभेचे होते. संध्याकाळ झाली की उगवायचे, तळ्यात त्यांची प्रतिबिंबं पडायची, संपलं. एकदा मी तो भाग वाचून दाखवत असताना माझ्या दहा वर्षांच्या भाचीनं विचारलं, "मामा, तिथं पोळा कधी असतो?"

मी अडलो. आपला पोळा श्रावणातल्या अमावास्येला. दुसऱ्या दिवशी लहान मुलांचा तान्हा पोळा, आणि "घेऊन जा गे मारबत" म्हणत नागपूरच्या रस्त्यांवरून काळी आणि पिवळी मारबत या इडापिडा घेऊन जाणाऱ्या पुतळ्यांची मिरवणूक निघते. पण जिथं अमावास्याच दोन, तिथं अवस धरायची कोणाची? त्या रात्री कादंबरी बाजूला ठेवली आणि पंचांग मांडायला घेतलं.

चंद्रांची नावं थोरली आणि धाकटी. भाचीच्या हिशेबानं आपला चांदोबा मामा, म्हणून या दोघी मावश्या. थोरली लांबची; तिची एका पुनवेपासून दुसरी पुनव 36 दिवसांनी. धाकटी जवळची, म्हणून तिचा वेग जास्त. तिची पुनव साडेचौदा दिवसांनी. जवळचा उपग्रह लवकर फेरी मारतो हा केप्लरचा नियम. जग कल्पनेतलं असलं तरी तो मोडायला माझं मन होत नाही. दिवस आपल्यासारखाच 24 तासांचा, वर्ष मात्र 400 दिवसांचं.

थोरलीचे 11 महिने म्हणजे 396 दिवस. दर वर्षी चार दिवस उरतात आणि नऊ वर्षांत त्यांचे बरोबर 36 होतात. म्हणून दर नवव्या वर्षी एक अधिक मास. आपलंही असंच आहे. चांद्रवर्ष साधारण 354 दिवसांचं, सौरवर्ष 365 दिवसांचं. हा फरक भरून काढायला आपण साधारण 32-33 महिन्यांनी अधिक महिना घालतो. तो घातला नसता तर पोळा मागे सरकत सरकत कधीतरी मे महिन्याच्या उन्हात आला असता. हिजरी सनात अधिक मास नाही, म्हणून रमजान साधारण 33 वर्षांत सगळे ऋतू फिरून येतो.

धाकटीनं मात्र मला रडवलं. तिथी म्हणजे चंद्राला सूर्यापासून 12 अंश पुढे जायला लागणारा वेळ. आपल्याकडे तो साधारण 19 ते 26 तास, आणि सूर्योदयाला जी तिथी असेल ती त्या दिवसाची. धाकटीची तिथी साडेअकरा तासांच्या जराशी वर. म्हणजे एका दिवसात दोन तिथ्या बसतात आणि जवळजवळ एकाआड एक तिथी क्षय पावते. तिच्या एकादशीला सूर्योदय मिळेलच याचा नेम नाही. उपास करणाऱ्यानं करायचं काय? शेवटी मी ठरवलं, धाकटीच्या तिथ्या कोणी मोजत नाही. अवस, चढती अर्धी, पुनव, उतरती अर्धी, एवढ्या चार खुणा धरतात.

मग सापडली ती गोष्ट, जिच्यासाठी मी रात्रभर जागलो. समजा, आज दोघींची पुनव एकत्र आहे. थोरलीची पुढची पुनव येते तेव्हा धाकटी अवसेला असते, जेमतेम सहा तासांचा फरक. त्याच्या पुढच्या पुनवेला, म्हणजे 72व्या दिवशी, दोघी पुन्हा जवळजवळ पूर्ण. धाकटी अर्धा दिवस मागे. दर जोडीला हे अंतर अर्ध्या दिवसानं वाढत जातं. घट्ट जोडपुनव परत यायला 1044 दिवस लागतात. आणि मध्ये, 486व्या दिवशी, दोघींची अवस एका रात्री येते.

त्या रात्रीचा अंधार मला माहीत आहे. लहानपणी काटोलकडच्या काकांच्या संत्र्याच्या बगीच्यात मी जागलीला जायचो. जेवण झालं की काका अंगणात येऊन विचारायचे, "आज चंद्र कवा निघते?" ओलिताची वीज रात्रीची यायची, आणि मोटरपर्यंत जाताना पायाखालचं दिसणं हा जिवाचा प्रश्न होता. आपला चंद्र रोज साधारण 50 मिनिटं उशिरा उगवतो, हे काकांना पुस्तकाशिवाय ठाऊक होतं. थोरली रोज साधारण 40 मिनिटं उशिरा येते, धाकटी तब्बल पावणेदोन तास. माझ्या गोष्टीतला शेतकरीही रात्री अंगणात उभा राहून हाच हिशेब करतो. मारबतही मी तिथं नेली आहे. जोडअवसेच्या दुसऱ्या दिवशी ती निघते.

महिना कुठून मोजायचा हे मात्र आकाश सांगत नाही. नागपुरात आपण ते दर वर्षी बघतो. आमच्या शेजारच्या हिंदी भाषिक घरी श्रावण आमच्याआधी पंधरा दिवस लागतो, कारण त्यांचा महिना पौर्णिमेला संपतो, आमचा अमावास्येला. जन्माष्टमी दोन्ही घरी एकाच रात्री. आमची ती श्रावण वद्य अष्टमी, त्यांची भाद्रपद कृष्ण अष्टमी. चंद्र एकच, श्रावण दोन. मग दोन चंद्रांच्या जगात भांडणं किती होतील!

म्हणून माझ्या कादंबरीत नदीकाठची गावं धाकटीवर चालतात आणि पठारावरची थोरलीवर. सध्या मी एका लग्नापाशी अडलोय. मुलगी काठावरची, मुलगा पठारावरचा. दोन्हीकडच्या आज्या मुहूर्तावर अडून बसल्या आहेत. घट्ट जोडपुनवेला अजून जवळजवळ अडीच वर्षं आहेत, तेवढं थांबायची कोणाचीच तयारी नाही. शेवटी मुलीकडची आजी म्हणते, 72व्या दिवसाची रात्र घ्या, अर्धा दिवस आम्ही सोडला. लग्न ठरतं.

काल हे भाचीला वाचून दाखवलं. ती थोडा वेळ गप्प बसली, मग म्हणाली, "आणि त्यांचं बाळ अधिक महिन्यात झालं तर? थोरलीच्या पंचांगात त्याचा वाढदिवस नऊ वर्षांनी येईल. मग तो आईकडच्या पंचांगानं करायचा ना?"

ते प्रकरण मी आज रात्री लिहायला बसणार आहे.

नमस्कार.