धोलेऱ्याच्या फॅबला ग्राहक कोण?

मित्रहो, भारतात चिप बनवण्याचा विषय निघाला की चर्चा गुंतवणुकीच्या आकड्यांपाशी थांबते. डिसेंबर २०२१ मध्ये केंद्र सरकारने या उद्योगासाठी ७६,००० कोटी रुपयांची योजना मंजूर केली आणि त्यानंतर गुजरातेत साणंदला मायक्रॉनचा, आसामात जागीरोडला टाटांचा, उत्तर प्रदेशात जेवरला एचसीएल-फॉक्सकॉनचा असे प्रकल्प मंजूर होत गेले. मला आज बोलायचे आहे ते कारखाना उभा राहिल्यानंतरच्या हिशेबाबद्दल, कारण या उद्योगाचे भवितव्य तिथेच ठरणार आहे.

गुजरातेतल्या धोलेऱ्याचेच उदाहरण घेऊ. टाटा इलेक्ट्रॉनिक्स तैवानच्या पीएसएमसी या चिप कंपनीकडून तंत्रज्ञान घेऊन उभारत असलेल्या या फॅबचा, म्हणजे चिप घडवणाऱ्या कारखान्याचा, खर्च सुमारे ९१,००० कोटी रुपये, तर क्षमता महिन्याला ५०,००० वेफर, म्हणजे ज्यांवर एकावेळी अनेक चिप घडवल्या जातात त्या सिलिकॉनच्या चकत्या. यातील सर्वांत मोठा खर्च यंत्रांचा असतो, आणि त्यांचा घसारा साधारण पाच वर्षांत काढला जातो. ढोबळ हिशेबासाठी सगळा खर्च पाच वर्षांवर वाटला, तर फॅब पूर्ण क्षमतेने चालत असतानाही एका वेफरवर सुमारे ३ लाख रुपयांचा भांडवली भार पडतो. निम्मा खर्च केंद्र सरकार उचलते, म्हणून तो दीड लाखावर येतो. मात्र हीच फॅब निम्म्या क्षमतेने चालली, तर भार पुन्हा ३ लाखांवर जातो. म्हणजे केंद्राचे सगळे साहाय्य रिकाम्या यंत्रांपायी खर्ची पडते. शिवाय काम कमी असले म्हणून स्वच्छ कक्षाची हवा, अतिशुद्ध पाणी आणि अखंड वीज यांत फारशी काटकसर करता येत नाही.

स्पर्धा आहे ती अशा कारखान्यांशी, ज्यांचा घसारा केव्हाच फिटला आहे. तैवानच्याच टीएसएमसी या कंपनीने २८ नॅनोमीटरचे (हा आकडा जितका लहान, तितके चिपचे तंत्र नवे) उत्पादन २०११ मध्ये सुरू केले; धोलेऱ्याचे तंत्रही याच पिढीचे किंवा त्याहून जुने आहे. तेथील त्या काळच्या यंत्रांतून आज निघणाऱ्या वेफरवर भांडवलाचा भार जवळजवळ उरलेला नाही. आयात शुल्क लावून आपल्या फॅबला आडोसा द्यावा म्हटले, तर जागतिक व्यापार संघटनेच्या १९९७ च्या माहिती तंत्रज्ञान करारानुसार चिपवर शुल्क न लावण्यास भारत बांधील आहे. म्हणून ऑर्डरी मिळवण्यावाचून दुसरा मार्ग नाही.

तैवानने हे आरंभीच ओळखले होते. १९८७ मध्ये टीएसएमसी स्थापन झाली तेव्हा जवळजवळ निम्मे भांडवल सरकारचे होते आणि चतुर्थांशाहून थोडे अधिक नेदरलँड्सच्या फिलिप्स कंपनीचे. ही भागीदार कंपनी तंत्रज्ञान आणि काम दोन्ही देऊ शकणारी होती. आपल्याकडे मोहालीच्या सरकारी कारखान्यात उत्पादन त्याआधीच, १९८४ मध्ये सुरू झाले होते. १९८९ च्या आगीने त्याचे अपरिमित नुकसान केले, हे खरेच. पण बाजारात ग्राहक शोधत फिरणारी संस्था तो त्यापूर्वीही नव्हता. आज तेथे १८० नॅनोमीटरवर ‘विक्रम’ हा प्रोसेसर तयार होतो, तो इस्रोसाठी, आणि त्याचे मोल मोठे आहे. तरीही एका ग्राहकावर उद्योग उभा राहत नाही.

महाराष्ट्रात २०२२ मध्ये वेदान्त-फॉक्सकॉनचा प्रकल्प तळेगावऐवजी गुजरातेत गेला म्हणून मोठे वादळ उठले. पुढच्याच जुलैत फॉक्सकॉन बाहेर पडली. प्रकल्प कोणत्या राज्यात जावा यावर आपण जितके भांडलो, त्याच्या एक दशांशही चर्चा तंत्रज्ञान कोणाचे आणि चिप घेणार कोण यावर झाली नाही, याचे मला आजही वाईट वाटते.

टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सने १९८५ मध्ये बंगळूरला केंद्र उघडले, आणि आज जगातील चिप-आरेखन अभियंत्यांपैकी सुमारे पाचवा हिस्सा भारतात आहे. पण ते ज्या चिपचे आराखडे करतात त्यांपैकी बहुतेकींची मालकी परदेशी कंपन्यांची असते, त्यामुळे त्या कोठे बनवायच्या याचा निर्णयही परदेशातच होतो. आपल्या मालकीच्या चिप बनवणाऱ्या छोट्या कंपन्यांना आरेखनाच्या खर्चासाठी मिळणारे साहाय्य प्रत्येक अर्जामागे १५ कोटींपर्यंत मर्यादित आहे. फॅबसाठी हजारो कोटी देणाऱ्या योजनेत ही मर्यादा मला फार तोकडी वाटते, कारण धोलेऱ्याची उद्याची मागणी याच कंपन्यांकडून यायची आहे.

दुसरी मागणी पुणे-चाकणच्या पट्ट्यातून येऊ शकते. २०२१ च्या टंचाईत चिप नसल्याने देशभरातल्या वाहन कंपन्यांना उत्पादन कमी करावे लागले, आणि त्या चिपपैकी बऱ्याच २८ नॅनोमीटर किंवा त्याहून जुन्या तंत्राच्या होत्या. मात्र वाहनात बसणारी चिप ज्या फॅबमध्ये बनते त्या फॅबसह तपासली जाते. फॅब बदलली की चाचण्या नव्याने कराव्या लागतात आणि त्यात वर्षे जातात. म्हणून धोलेऱ्याचा पहिला वेफर निघण्याची वाट न पाहता वाहन कंपन्या, त्यांचे सुटे भाग पुरवणारे आणि वीज मीटर बनवणारे यांच्याशी दीर्घ मुदतीचे खरेदी करार आजच व्हायला हवेत, आणि चाचण्यांच्या खर्चातील वाटा सरकारने उचलायला हवा.