लोकगायिका म्हणू नका

श्रोतेहो, नमस्कार.

आज ज्या गायिकेबद्दल बोलणार आहे, तिचं नाव व्हॅश्टी बनियन. हसलात ना? मीही पहिल्यांदा ऐकलं तेव्हा हसलो होतो. आडनावाला कोण काय करणार! पण तिचं गाणं कानावर पडलं की हसू आपोआप मावळतं. आवाज इतका हलका की रेडिओ जरा मोठा करावासा वाटतो, आणि केला तरी ती आपल्या कानाशीच गुणगुणतेय असं वाटत राहतं.

ब्रिटनमधली लोकगायिका अशीच तिची ओळख करून दिली जाते. तिला स्वतःला ते कधी पटलं नाही. मला पॉप गायिका व्हायचं होतं, असं ती वर्षानुवर्षं सांगत आली आहे. तिची हकिकत ऐका, म्हणजे तुम्हालाही तिचंच म्हणणं खरं वाटेल.

जन्म 1945चा. ऑक्सफर्डच्या रस्किन कलाशाळेत चित्रकला शिकायला गेली आणि चित्रं सोडून गाणीच लिहीत बसली. कलाशाळेने नाव काढून टाकलं. न्यूयॉर्कला गेली असताना अमेरिकन गायक-गीतकार बॉब डिलनची तबकडी ऐकली आणि ठरवलं, आता हेच करायचं. लंडनमध्ये ती रोलिंग स्टोन्स या गाजलेल्या रॉक बँडचा व्यवस्थापक अँड्र्यू लूग ओल्डहॅम याच्या नजरेत भरली. 1965मध्ये पहिली तबकडी निघाली. मुख्य गाणं त्याच बँडमधल्या मिक जॅगर आणि कीथ रिचर्ड्स यांचं, तिचं स्वतःचं गाणं मागच्या बाजूला. विशीतल्या मुलीला याहून मोठी सुरुवात कुठली मिळायची? पण तबकडी चालली नाही. पुढच्या वर्षीची दुसरीही नाही. आणखी काही गाणी ध्वनिमुद्रित झाली आणि कपाटातच राहिली.

लंडन नकोसं झालं तशी ती रॉबर्ट लुईस या मित्राकडे गेली. तो कलाशाळेचा विद्यार्थी, आणि त्याचा मुक्काम कुठे, तर रानातल्या एका झुडपाखाली! दोघं तिथेच राहू लागली. गंमत म्हणजे ती जागा निघाली बँक ऑफ इंग्लंडची. बँकेने त्यांना हुसकावलं.

त्याच सुमारास गायक डोनोवन स्कॉटलंडच्या स्काय बेटाजवळ कलावंतांची वसाहत करायच्या विचारात होता. चला, तिकडेच जाऊ, असं दोघांनी ठरवलं. जायचं कसं? घोडागाडीने! त्यासाठी पैसे डोनोवननेच उसने दिले. एक घोडी, बेस तिचं नाव, आणि एक जुनी गाडी. 1968च्या उन्हाळ्यात निघाली ती 1969च्या शरद ऋतूत पोहोचली. वाटेत हिवाळा आला, मुक्काम पडले. तोवर त्या वसाहतीतला जीव बराचसा ओसरला होता.

पण या वाटेवर गाणी झाली. बेसवरही एक गाणं आहे. ऐकताना लक्ष द्या, त्याची लय घोडीच्या चालीची आहे, पळण्याची नाही. घाई अशी कुठेच नाही. चढ आला की माणसंही गाडीबरोबर चालत असणार, असं मला ते ऐकताना दर वेळी वाटतं.

या प्रवासाच्या काळातच निर्माता जो बॉइडची गाठ पडली आणि 1969च्या अखेरीला लंडनमध्ये ध्वनिमुद्रण झालं. आता इथे मेख आहे. साथीला बॉइडने आणले ते लोकसंगीतातले नावाजलेले वादक: फेअरपोर्ट कन्व्हेन्शनमधला व्हायोलिनवाला डेव्ह स्वारब्रिक, इन्क्रेडिबल स्ट्रिंग बँडचा रॉबिन विल्यमसन. काही गाण्यांचं संयोजन रॉबर्ट कर्बीचं. साथ सुरेख आहे, मला तर फार आवडते. पण त्या साथीने गाण्यांवर लोकसंगीताचा शिक्का बसला तो बसलाच. गाणी तिची आणि पेहराव दुसऱ्यांनी निवडलेला, असं झालं.

‘जस्ट अनदर डायमंड डे’ हा संग्रह बाहेर आला 1970च्या डिसेंबरमध्ये. खपल्या जेमतेम काहीशे प्रती. कुणी फारसं विचारलं नाही. तिने गिटार बाजूला ठेवली आणि संसारात पडली. आयर्लंड, स्कॉटलंड, शेती, जनावरं, तीन मुलं. गाणं जवळजवळ बंदच. अशी जवळपास तीस वर्षं गेली.

1997मध्ये घरात संगणक आला. तिने सहज इंटरनेटवर आपलं नाव टाकून पाहिलं. आणि काय! कुठले कुठले लोक तिच्या त्या विसरलेल्या संग्रहाबद्दल बोलत होते, जुन्या प्रतींसाठी वाटेल ती किंमत मोजत होते. घरात बसलेल्या बाईला पत्ताच नव्हता. मग मूळ टेप आणि हक्कांचा माग काढणं सुरू झालं, आणि 2000मध्ये संग्रह पुन्हा निघाला. नव्या पिढीचे गायक तिला आपली मानू लागले. डेव्हेंद्र बॅनहार्टच्या गाण्यात तिने आवाज दिला. पुढे एका मोबाइल कंपनीच्या जाहिरातीतही तिचं गाणं वाजलं. पॉप व्हायचं होतं ना, ते असं झालं!

2005मध्ये दुसरा संग्रह आला, ‘लुकआफ्टरिंग’. पहिल्यानंतर पस्तीस वर्षांनी. निर्माता मॅक्स रिक्टर. आणि वादकांत कोण, तर रॉबर्ट कर्बी! तोच, पस्तीस वर्षांपूर्वीचा. या वेळी आपल्याला काय हवं ते ती ठामपणे सांगू शकत होती.

तिसरा संग्रह ‘हार्टलीप’, 2014चा. हा माझा सगळ्यात लाडका, कारण यात बराचसा भाग तिने घरी, एकटीने, संगणकासमोर बसून केला. वाद्यांची योजनाही स्वतःच. तिला स्वरलिपी वाचता येत नाही, लिहिता येत नाही. पियानोही एका वेळी एकाच हाताने वाजवता येतो. तेव्हा वय होतं एकोणसत्तर. तरी तिने एका हाताचं वाजवून घेतलं, मग दुसऱ्या हाताचं, आणि दोन्ही एकमेकांवर बसवले. आता जो पियानो ऐकाल, तो तसा वाजवलेला आहे.